गटारी, कल्हई आणि हक्कसोड : वाचकांचे प्रश्न, ताईची उत्तरं

यावेळी पत्रं आणि व्हॉट्सअ‍ॅप मेसेज मिळून इतकं काही आलंय की निम्मं पुढच्या अंकाला ढकलावं लागलं, रागावू नका. वाचताना एक गंमत दिसली, जवळपास प्रत्येक पत्रात कोणीतरी म्हणतंय "आमच्यात असंच असतं" आणि दुसरं कोणीतरी म्हणतंय "आता कोण करतं हे सगळं". मला दोन्हीकडून ओढू नका. माझा आपला एकच भोचक प्रश्न असतो, की बाबांनो, करायचं ठरलं तर उठून करणार कोण?

"ताई, मी ठाण्याचा, बायको कानपूरची. लग्नाला पाच महिने झालेत. गटारीला मित्रांना बोलावून मटणाचा बेत ठरवला, तर बायको म्हणते सावन लागून दोन आठवडे झाले आणि तुम्हाला मटण सुचतंय! आई म्हणते श्रावण परवापासून आहे, हिला पंचांग कळत नाही. दोघी माझ्याकडे बघतायत. बरोबर कोण?"
(एक अडकित्त्यातली सुपारी)

दोघी बरोबर, आणि म्हणूनच तू वाचणं कठीण आहे.

असं बघ, आपला महिना अमावास्येला संपतो आणि तिकडे उत्तरेत पौर्णिमेला संपतो. त्यामुळे शुक्लपक्षाचं नाव दोन्हीकडे तेच, पण वद्यपक्ष आला की आपण अजून मागच्या महिन्यात असतो आणि ते लोक पुढच्या महिन्यात जाऊन बसलेले असतात. गुरुपौर्णिमा झाली की दुसऱ्या दिवशी तिचा सावन चालू. आपण तेव्हा आषाढ वद्य म्हणत असतो आणि दिव्याची आवस झाली की मग श्रावण. म्हणजे तुमची गटारी तिच्या श्रावणाच्या बरोब्बर मध्यावर येते, तिला धक्का बसणारच. आकाशात चंद्र एकच आहे हो, पाटी बदललीय फक्त. गोकुळाष्टमीला आपण श्रावण वद्य अष्टमी म्हणतो, ते भाद्रपद म्हणतात, कृष्ण मात्र एकाच रात्री जन्मतो. वटसावित्रीचं तर दिवसानेच वेगळं आहे, त्यांच्याकडे ज्येष्ठ अमावास्येला आणि आपल्याकडे त्यानंतर पंधरा दिवसांनी पौर्णिमेला, तेव्हा ती दोनदा वडाला जायला लागली तर घाबरू नकोस, तुझंच आयुष्य वाढतंय.

आता मटणाचं. तिचा सावन नारळी पौर्णिमेला संपतो, तुमचा पोळ्याच्या अमावास्येपर्यंत चालतो. दोघींचं सगळं पाळायला गेलात तर घरात दीड महिना कांदालसूण बंद, आणि तुझ्या पत्राच्या सुरावरून ते तुला झेपेलसं वाटत नाही. दोन्ही श्रावणांत मिळून पंधरा दिवस सामायिक आहेत, आपल्या प्रतिपदेपासून नारळी पौर्णिमेपर्यंतचे, तेवढे सगळ्यांनी मिळून कडक पाळा. आधीचे पंधरा तिचे आणि नंतरचे पंधरा आईंचे, त्यात ज्याचा श्रावण चालू आहे तिने मटण शिजवायचं नाही आणि तिच्या नाकाखाली कोणी शिजवायचंही नाही. यंदाची गटारी मित्राच्या घरी करा. आणि भांडी तिथे तूच घास.

"सासूबाई ७५ च्या झाल्या तेव्हा मुलांनी तारखेला हॉल घेऊन केक कापला, त्या दिवशी त्या फुगून बसल्या, म्हणाल्या माझा वाढदिवस अजून अकरा दिवसांनी आहे, तिथीने. यावर्षी ७६ वा. पुन्हा तेच होणार. दोनदा करायचा का?"
(धाकटी सून, चिंचवड)

यावर्षी काही करू नका, फक्त कालनिर्णय उघडा आणि बघा. माझा अंदाज आहे की तारीख आणि तिथी एकाच दिवशी येतील, फार तर एखाद्या दिवसाचा फरक.

मी काही ज्योतिषी नाही, हा साधा हिशोब आहे. चंद्राची बारा महिन्यांची फेरी ३५४ दिवसांत संपते, म्हणून तिथी दरवर्षी तारखेपेक्षा ११ दिवस मागे सरकते आणि फार मागे जायला लागली की साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक अधिक महिना घालून तिला परत ओढून आणतात, २०२३ ला नाही का श्रावण अधिक आला आणि जावयांची चंगळ झाली. ही ओढाताण १९ वर्षांनी जवळजवळ शून्यावर येते, कारण १९ वर्षांत २३५ चांद्रमहिने अगदी काठोकाठ बसतात. म्हणून १९, ३८, ५७ आणि ७६ या वाढदिवसांना तिथी आणि तारीख गळ्यात गळा घालून येतात. ५७ व्याला कोणाच्या लक्षात आलं नसेल, तेव्हा कोण करतंय सासूबाईंचा वाढदिवस.

तुमच्या मुलांना हे सांगा, त्यांना गणित म्हणून आवडेल. सासूबाईंनाही सांगा पण जरा जपून, नाहीतर "मी म्हणत नव्हते" हे वाक्य वर्षभर ऐकावं लागेल. पुढच्या वर्षी ७७ ला परत फाटे फुटतील, तेव्हा तिथीला सकाळी घरी औक्षण आणि त्यांच्या आवडीची खीर, आणि तारखेला नातवंडांचा केक. खीर मुलाने ढवळली तरी चालते, तिथीला काही होत नाही. आणि ८१ व्या वर्षात सहस्रचंद्रदर्शन येतंय, त्याचा हॉल आत्तापासून बघून ठेवा.

"लग्नात आईने आजीची पितळी भांडी दिली, चौदा नग आहेत. पातेली, परात, तांबे, एक मोठं सतेलं. आमच्याकडे इंडक्शन आणि डिशवॉशर आहे. यूट्यूबवर सगळे म्हणतात पितळेत शिजवा, तब्येतीला चांगलं. मी परवा टोमॅटोचं सार केलं तर चव विचित्र आली आणि सार टाकून दिलं. नवरा म्हणतो मोडीत घाल. मन होत नाही."
(नवी नवी गृहिणी, बाणेर)

सार टाकलंस ते बरं केलंस. त्याला आपल्याकडे कळकणं म्हणतात, हा शब्द आईला विचार, तिला माहीत असेल. पितळ म्हणजे तांबं आणि जस्त, त्याला आंबट लागलं की ते पदार्थात उतरतं, आणि मग मळमळ, उलटी, पोटात ढवळणं. चिंच, कोकम, टोमॅटो, ताक, दही, लिंबू यातलं काहीही उघड्या पितळेत नाही, शिजवायचंही नाही आणि ठेवायचंही नाही. तांब्याच्या भांड्यात पाणी ठेव, पण त्यात लिंबू पिळू नकोस. यूट्यूबवाल्या बायका पितळेचं कौतुक करतात आणि मधला एक शब्द गाळतात, तो म्हणजे कल्हई.

आमच्या वाड्याच्या बाहेर पिंपळाखाली वर्षातून दोनदा कल्हईवाला बसायचा. "भांड्याला कल्हईऽऽ" अशी आरोळी आली की आम्ही पोरं अभ्यास टाकून पळायचो. जमिनीत छोटा खड्डा, त्यात कोळसे, बाजूला भाता. पातेलं सांडशीत धरून निखाऱ्यावर फिरवायचा, पुरेसं तापलं की चिमूटभर नवसागर टाकायचा, त्याचा पांढरा झणझणीत धूर नाकात जायचा आणि डोळ्यांना पाणी. मग कथलाची कांडी भांड्याला आतून नुसती टेकवायची, ती लोण्यासारखी वितळायची, आणि लगेच कापसाच्या बोळ्याने एका हातात सर्रकन गोल फिरवलं की पिवळं पातेलं आतून चांदीचं! त्यानंतर बादलीत चर्रर्र. मला अजून ती जादूच वाटते, आणि त्या माणसाच्या हाताला असलेले डाग आठवतात.

तर ते कथील म्हणजे पितळ आणि तुझं सार यांच्यामधली भिंत. कथील २३२ अंशाला वितळतं, म्हणून कल्हईचं भांडं रिकामं गॅसवर ठेवायचं नाही, खमंग फोडणी वेगळ्या लोखंडी पळीत करून वरून ओतायची, आणि तारेच्या घासणीने खरवडायचं नाही. आतून पिवळं डोकावायला लागलं की परत कल्हई. जुन्या पेठांमधून भांड्यांच्या दुकानात विचारलंस तर कल्हई करणारा अजून सापडतो, फक्त कथील शुद्ध आहे ना, शिसं मिसळलेलं नाही ना, हे तोंडावर विचार. तो चिडला तर चिडू दे.

इंडक्शनवर पितळ, तांबं तापणारच नाही, तिथे बुडाला चुंबक चिकटणारं भांडं लागतं. फ्रीजवरचा मॅग्नेट काढ आणि लावून बघ. बिडाचा तवा मस्त चालतो. म्हणजे पितळेसाठी एक तरी गॅसची शेगडी हवी. आणि डिशवॉशरमध्ये चुकूनही नाही, त्याची पावडर तिखट असते, पितळ काळं पडतं आणि कल्हई जाते. लोखंडी कढईही नको, गंजते.

आता चौदा नगांचं. सगळे वापरायचे म्हटलंस तर रोज चिंच-मीठ लावून घासणारी तूच आहेस, नवरा नाही, हे त्याच्या "मोडीत घाल" वरून कळलंच. एक वरणभाताचं पातेलं आणि एक दुधाचं, दोनांना कल्हई करून घे आणि रोज वापर. परात कणीक भिजवायला तशीच चालते. बाकीचे मोडीत घालण्याआधी प्रत्येक भांडं उजेडात धरून काठाखाली बघ, ठिपक्याठिपक्यांनी नाव घातलेलं असेल, कोणी कोणाला कधी दिलं ते. त्या नावाच्या घरात चुलत, मावस कोणी असेल तर त्यांना एकेक देऊन टाक. मी आमच्या आत्याचा तांब्या असा तिच्या नातीला दिला, ती त्यात पेनं ठेवते. ठेवू दे की.

"मुलाचं लग्न आहे, रिसेप्शनला स्टेजजवळ क्यूआर कोड लावायचा म्हणतोय. मला कसंतरीच वाटतं. बरं दिसेल का?"
(वरमाय, नाशिक)

स्टेजवर नको, पत्रिकेवर तर अजिबात नको, ती पत्रिका आहे, बिल नाही. दाराशी जिथे अत्तर-गुलाबपाणी देतात त्या टेबलावर छोटासा ठेवा, ज्याला हवं तो वापरेल. यूपीआय २०१६ ला आलं, तेव्हापासून भाजीवालीपर्यंत सगळ्यांकडे आहे, पाहुण्यांना धक्का बसणार नाही. उलट ऐनवेळी पाकिटावर चिकटवायला एक रुपया शोधत बसायला नको, ५०१ टाईप केलं की झालं.

आणि एक फायदा कोणी बोलत नाही. आपल्याकडे आहेराची वही असते, कोणी किती दिले ते लिहून ठेवायचे कारण उद्या त्यांच्याकडे तेवढेच परत करायचे. ते काम लग्नात नेहमी एखाद्या अविवाहित आत्याच्या गळ्यात पडतं आणि ती बिचारी जेवायला शेवटच्या पंगतीत बसते. क्यूआरने यादी आपोआप होते, आत्या पहिल्या पंगतीत. मात्र "आहेर आणू नये" असं छापलं असेल तर मग टेबलावर कोडही ठेवू नका, लोक हसतात.

"बाबांना जाऊन सव्वा वर्ष झालं. संक्रांतीला माझ्याकडे हळदीकुंकू असतं, चाळीसेक बायका येतात. गेल्या वर्षी आई दिवसभर स्वयंपाकघरात होती, तिळगुळाच्या वाट्या भरत होती. एकही बाई आत जाऊन तिच्या कपाळाला हात लावायला तयार नव्हती, वाणाची स्टीलची डबी मात्र ओट्यावर ठेवून गेल्या. यंदा मी तिला बाहेर बसवणार आहे. सासरच्यांचं म्हणणं, बायका उठून जातील."
(एक मुलगी, सांगली)

ओट्यावर ठेवलेली ती डबी माझ्या डोळ्यापुढून हलत नाहीये.

तुमच्या शेजारच्याच जिल्ह्यातलं सांगते. कोल्हापूरच्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड गावाने ४ मे २०२२ ला ग्रामसभेत ठराव केला की आमच्या गावात नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसायचं नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत, मंगळसूत्र काढायचं नाही. त्याच महिन्यात राज्य सरकारने परिपत्रक काढून सगळ्या ग्रामपंचायतींना सांगितलं की असं करा. शहरातल्या शिकलेल्या बायकांच्या आधी एका गावाने केलं हे, आणि सासरच्यांना हे जरूर ऐकवा. पण खरं सांगू का, परिपत्रक तुमच्या हॉलमधल्या सोफ्यापर्यंत येत नाही. तिथे तुम्हालाच उभं राहावं लागेल.

सगळ्यात आधी आईला विचारा, एकटीला गाठून. तिला बाहेर बसायचंय का, कुंकू लावून घ्यायचंय का, का फक्त हळद, का काहीच नको पण गप्पांत बसायचंय. आपण क्रांती करायला जातो आणि त्या बाईला चाळीस जणींसमोर अवघडून टाकतो, असं मी एकदा स्वतः केलंय, माझ्या मावशीच्या बाबतीत. तिने कुंकू लावून घेतलं आणि मग बाथरूममध्ये जाऊन पुसलं. मला दोन वर्षांनी कळलं.

आई हो म्हणाली तर मग बोलावतानाच फोनवर सांगून टाका, "आई बाहेर असणार आहे, तिलाही लावायचं आहे, चालेल ना?" ज्यांना चालणार नाही त्या घरीच राहतील, दारात तमाशा नको. चाळीसाच्या तीस आल्या तर तीस. रथसप्तमीपर्यंत हळदीकुंकू चालतं, त्यामुळे दिवस तुमच्या मर्जीने निवडा, ज्या दिवशी तुमच्या दोन-तीन हक्काच्या मैत्रिणी नक्की येऊ शकतील असा. कारण पहिली बाई महत्त्वाची असते. पहिलीने सहज हसत लावलं की मागच्या सगळ्या लावतात, लाईनीत असतात ना. ती पहिली कोण हे आधी ठरवून ठेवा, आणि जमलं तर ती सासूबाईच असू देत. त्यांना एकदा मनापासून विचारून तरी बघा, बहुतेक वेळा त्या नाही म्हणत नाहीत, त्यांना कोणी विचारलेलंच नसतं.

आणि तिळगुळाच्या वाट्या यंदा नवऱ्याला भरायला लावा.

"फ्लॅट बुक करतोय. बिल्डर म्हणतो पंधरवड्यात अ‍ॅग्रीमेंट केलं तर सत्तर हजार कमी करतो. बाबा म्हणतात पितृपक्षात सही करायची नाही. सत्तर हजार सोडू का बाबांना सोडू?"
(पहिला फ्लॅट, वाकड)

कोणालाच सोडू नकोस, घाई सोड. पितृपक्षात गिऱ्हाईक येत नाही म्हणूनच तो सत्तर हजार कमी करतोय, त्यामुळे भाव करायला हाच पंधरवडा उत्तम. रेट, पार्किंग, सगळं आत्ता लेखी घे आणि बुकिंगची रक्कम भर, मात्र ती १० टक्क्यांच्या वर जाता कामा नये, कारण रजिस्टर्ड अ‍ॅग्रीमेंट झाल्याशिवाय त्याहून जास्त घ्यायला रेरा कायद्याने बिल्डरला बंदी आहे. सर्वपित्री झाली की दुसऱ्या दिवशी घटस्थापना, तेव्हा सही कर, लेखीत तशी तारीखच घालून घे. सही झाल्यापासून रजिस्ट्रेशनला चार महिने मिळतात, त्यामुळे दसऱ्याला रजिस्ट्रार ऑफिसला सुट्टी असते हे बाबांना समजावत बसायची वेळ येणार नाही. मुहूर्त सहीचा धर.

बिल्डर म्हणाला बुकिंग चालणार नाही, याच आठवड्यात सगळं हवं, तर मग मात्र मला बाबांपेक्षा बिल्डरची काळजी वाटायला लागेल. आधी महारेराच्या साईटवर प्रोजेक्ट बघ.

"भाऊबीजेला माहेरी गेले. दोघा भावांनी पैठणी घातली, कधी नव्हे ते. दुसऱ्या दिवशी चहाच्या वेळी मोठ्याने कागद पुढे केले, हक्कसोड पत्र, उद्या तालुक्याला जाऊन सह्या करू म्हणाला. वडील २०११ ला गेले, सहा एकर आहे, वडिलोपार्जित. माझं लग्न १९८८ चं, मोठ्या बहिणीसारखं माझंही लग्न जमीन गहाण टाकून झालं हे ऐकवलं. मी डोकं दुखतंय सांगून निघून आले. सही केली नाही तर माहेर तुटेल. आई भावांकडेच असते."
(एक बहीण, सातारा जिल्हा)

डोकं दुखलं ते फार चांगलं झालं. अशी डोकेदुखी वेळेवर येत नाही सगळ्यांना.

आधी कायदा सांगते, मग माहेर. आपल्या राज्यात १९९४ ला मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत हक्क दिला पण तेव्हा ज्यांची लग्नं झालेली होती त्या बाहेर राहिल्या, म्हणजे तुम्ही. मग ९ सप्टेंबर २००५ ला देशभराचा हिंदू वारसा कायदा बदलला आणि लग्न झालेलं असो नसो, मुलगी मुलाइतकीच हिस्सेदार झाली. पुढे सुप्रीम कोर्टाने ११ ऑगस्ट २०२० ला सांगून टाकलं की हा हक्क जन्माने येतो, वडील २००५ ला हयात असलेच पाहिजेत असंही नाही. तुमचे वडील तर २०११ पर्यंत होते. तेव्हा २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर वाटणी झालेली नसेल तर तुमचा, बहिणीचा आणि भावांचा वाटा सारखा, आईचाही हिस्सा आहेच, तो कोणी बोलत नाहीये हे लक्षात घ्या. लग्नाचा खर्च झाला म्हणून हिस्सा संपतो असं कायद्यात कुठेही नाही.

सातबारा, आठ-अ आणि फेरफार ऑनलाईन काढून बघा, वडील गेल्यावर वारस नोंद झाली असेल तर तुमचं नाव असेल, कधीकधी मुलींची नावं गुपचूप "इतर हक्कात" सरकवलेली असतात. हे सगळं घेऊन स्वतःचा वकील गाठा, भावाने आणलेला नव्हे. हक्कसोड रजिस्टर झालं की झालं, नंतर मला समजलं नव्हतं म्हणून ते मोडायला दिवाणी कोर्टात फसवणूक नाहीतर जबरदस्ती सिद्ध करत बसावं लागतं, त्यात दहा दिवाळ्या जातात.

आता माहेर. भावांची बाजूही थोडी बघू, कारण मला ती अगदीच खोटी वाटत नाही. आईचं दुखणंखुपणं, शेतातली मजुरी, पाऊस नाही पडला तर कर्ज, हे त्यांनी काढलेलं असेल. तुम्हाला त्याचं मोल वाटत असेल तर तसं बोला. वाटा कमी घेता येतो. मोबदला घेऊन हक्कसोड करता येतं. जमीन नावावर ठेवून कसायला त्यांनाच देता येते. आणि मनापासून सगळं द्यायचं असेल तर तेही देता येतं, तुमचं आहे म्हणून देता येतं. पण देणारी तुम्ही आहात हे त्या घरात एकदा तरी कोणीतरी मोठ्याने म्हटलं पाहिजे. इथे काय झालं, पैठणी तुम्हाला घातली आणि ओवाळणी त्यांनीच मागितली.

भावाला फोन करून एवढंच म्हणा, "दादा, कागद वाचायला वेळ लागेल, संक्रांतीनंतर आई, ताई आणि आपण सगळे बसून बोलू." भांडू नका, आवाज चढवू नका. एवढ्याने माहेर तुटत असेल तर ते कशाला बांधलेलं होतं ते तुम्हालाच दिसेल. बहुतेक वेळा तुटत नाही हो, वर्षभर जरा फुगतं, मग कोणाच्या तरी बारशाला सगळे परत भेटतात. आणि मधल्या काळात आईला रोज फोन करा, तिच्या स्वतःच्या मोबाईलवर. नसेल तर भाऊबीजेच्या पैशांतून तिला एक घेऊन द्या.

"मी सोसायटीचा सेक्रेटरी. आमच्या गेटपाशी आपट्याचं झाड आहे, मार्चमध्ये गुलाबी फुलांनी भरतं, फार सुंदर. पण दसऱ्याला लोक फांद्याच्या फांद्या ओरबाडून नेतात. बोर्ड लावला तर म्हणतात परंपरा आहे. काय करू?"
(त्रस्त सेक्रेटरी, डोंबिवली)

काका, गुलाबी फुलं येतात म्हणजे ते कांचन आहे. आपट्याची फुलं बारीक, पांढुरकी असतात, कोणी फोटो काढणार नाही अशी. पानंही बघा, आपट्याचं पान जाड, चिवट, खरखरीत आणि बुटकं, त्याच्या विड्या वळतात. कांचनाचं मोठं आणि मऊ. दोन्ही एकाच जातकुळीतली, दोघांची पानं जोडपानासारखी, म्हणून बाजारातसुद्धा आपट्याच्या नावाखाली कांचनच्या गड्ड्या सर्रास विकल्या जातात.

शहरात झाडांसाठी १९७५ पासून कायदा आहे, परवानगीशिवाय झाड तोडता येत नाही, पण तो बोर्डवर लिहून उपयोग नाही, तुम्ही लिहिलंच असेल. यंदा नवीन बोर्ड करा : "हे झाड आपट्याचं नाही. इथलं सोनं नकली आहे." बघा एक पान तरी कोणी नेतंय का.